हार फुलवाल्याचे, झेंडू घरचा, छत कापडी: धाकटीच्या लग्नातल्या फुलांचा अनुभव

धाकटीचं लग्न मे महिन्यात कोल्हापुरात, कळंबा रोडवरच्या एका कार्यालयात झालं. तेव्हापासून ब्लाउज शिवायला येणारी प्रत्येक दुसरी बाई विचारते, "फुलांचं कुणाला दिलं होतंसा?" एका नावात उत्तर देता येत नाही. हार, गजरे, वेण्या देवळाजवळच्या फुलवाल्याकडून घेतल्या. झेंडूच्या लडी आम्ही घरी ओवल्या. स्टेजवरचं छत कापडी फुलांचं, भाड्यानं आणलं. तिन्हीचे पैसे किती गेले आणि कुठं समाधान झालं, कुठं फसलो, ते सगळं इथं लिहिते. मंगळवार पेठेत मी २२ वर्षं शिवणकाम करते, त्यामुळे कापड आणि सुई-दोरा माझ्या बोटांना कळतो. फुलांचं जे कळतं ते दोन लेकींच्या लग्नात शिकले.

सुरुवात थोरलीच्या लग्नापासून करावी लागेल. तेव्हा सगळं काम एका डेकोरेटरला दिलं होतं. नाव लिहीत नाही. त्यानं मोबाइलवर फोटो दाखवले: पांढरे आणि गुलाबी गुलाब, मध्ये ऑर्किड, बाजूनं निशिगंधाच्या लडी. ५५ हजार सांगितले, ५० वर ठरलं, २० आगाऊ दिले. लग्नाच्या सकाळी स्टेज लांबून फार सुंदर दिसत होतं. अक्षता पडल्या, फोटोसाठी रांग लागली, आणि मी सोफ्याच्या मागं उभी असताना माझा पदर सजावटीत अडकला. सोडवायला हात घातला तर बोटांना गुलाबाची पाकळी लागली आणि तिची कड टणक होती. पॉलिएस्टर सॅटिन गरम पातीनं कापलं की काठावरचे धागे वितळतात आणि तिथं एक बारीक रेघ बसते. रिबनचं टोक उसवू नये म्हणून आम्हीही ते मेणबत्तीवर धरून तसंच करतो. ती रेघ मला अंधारातही कळते. मग शेजारची फुलं चाचपत गेले. पुढच्या दोन ओळी खऱ्या होत्या, मागचं आणि वरचं सगळं कापडी.

त्याला बाजूला घेऊन विचारलं. तो म्हणाला, "काकी, मे महिन्यात एवढी खरी फुलं टिकत नाहीत, सगळेच मिक्स करतात." टिकत नसतील हे मला पटतं. पण मग ठरवताना तसं सांगायचं आणि पैसेही तसेच घ्यायचे. शेवटचे पाच हजार आम्ही दिले नाहीत, त्यानं ते मागितलेही नाहीत. मला मात्र त्या दिवसाची आठवण आली की आजही आधी ती टणक कड आठवते आणि मग लेकीचा चेहरा. याचा राग अजून गेलेला नाही.

म्हणून धाकटीच्या वेळी विभागणी मीच केली. जे फूल लेकीच्या अंगाला लागणार किंवा देवापुढं जाणार, ते खरं हवं आणि जाणत्या हातानं गुंफलेलं हवं. जे डोक्यावर दहा फुटांवर राहणार ते कापडी चालेल, पण कापडी म्हणून आणि कापडाच्या भावात. ज्यात नुसती सुई ओवायची आहे, ते घरी.

आमचे फुलवाले अंबाबाईच्या देवळाजवळ, महाद्वार रोडच्या बाजूला बसतात. सासूबाई दर शुक्रवारी देवीची वेणी त्यांच्याकडूनच घ्यायच्या, त्यामुळे ओळख तीस वर्षांची. म्हातारबाबा आता बसत नाहीत, मुलगा आणि सून बसतात. लग्नाआधी पंधरा दिवस देवीपुढं पत्रिका ठेवायला गेलो, तेव्हाच ऑर्डर सांगितली. मला वाटलं होतं ते फक्त दर सांगतील. त्यांनीच उलट विचारायला सुरुवात केली. मुहूर्त किती वाजता? कार्यालयात एसी आहे की पंखे? नवरीची उंची किती? शालूच्या पदरावर जर किती जड आहे? उंची अशासाठी की हार गुडघ्याच्या खाली गेला तर नमस्काराला वाकताना पायात येतो. जर अशासाठी की जरीच्या काठात देठ अडकून फुलं तुटतात. हाराचा मानेवरचा भाग ते फुलांशिवाय ठेवतात आणि तिथं कापड गुंडाळतात, नाहीतर दोरा काचतो. त्या कापडासाठी मी जुन्या मऊ सुती साडीची पट्टी शिवून दिली. थोरलीच्या गळ्यात घातलेला हार दोन किलोच्या वर होता आणि दिवसभर तिची मान दुखत होती. धाकटीचा हार मी घरच्या काट्यावर ठेवून बघितला: ९०० ग्रॅम. निशिगंधाच्या कळ्या, मध्ये गुलाबाच्या पाकळ्यांचे पेर, खाली एकच गोंडा. भरगच्च नव्हता, पण फोटोत तिचा शालू दिसतोय आणि दागिनेही दिसतायत.

त्यांची सूनबाई गजरा बांधत होती तेव्हा मी मुद्दाम अर्धा तास शेजारी बसले. दोरा डाव्या अंगठ्याखाली दाबायचा, दोन कळ्या इकडं, दोन तिकडं, देठावर देठ, मग उजव्या हातानं वळसा देऊन गाठ खाली ओढायची. सुई लागतच नाही. दोरा म्हणजे केळीच्या खोडाचं सोपट, भिजवून नखानं बारीक चिरलेलं. मी विचारलं, साधा दोरा का वापरत नाहीस? ती म्हणाली, "साधा दोरा देठ कापतोय, वहिनी. सोपट ओलं असतंय, कळीला धरतंय पण चावत नाही." मशीनवर दोरा जास्त ताणला की कापडाला चुण्या पडतात, हे मी रोज बघते. तिच्या बोटांना किती ताण पुरे आहे ते न बघता कळत होतं. बोलता बोलता तिचे चार गजरे झाले आणि प्रत्येकातल्या कळ्या एका रेषेत होत्या.

मोगऱ्याचं वेळापत्रक तिनंच समजावलं. कळी पहाटे तोडतात आणि ती त्याच संध्याकाळी उमलते. आमचा मुहूर्त दुपारी १२:३५ चा. म्हणजे सकाळी कळी घट्ट मिटलेली, टपोरी असायला हवी. लग्नाच्या दिवशी सात वाजता त्यांचा पोरगा पाट्या घेऊन हजर. खाली केळीची पानं, वर ओलं फडकं. १५० गजऱ्यांतला एकही काळा पडलेला निघाला नाही. संध्याकाळी पाच-सव्वापाचला पाठवणी झाली. लेकीनं माझ्या खांद्यावर डोकं टेकवलं तेव्हा तिच्या अंबाड्यावरची जाळी पूर्ण उमललेली होती. तो वास माझ्या पदराला दुसऱ्या दिवशीपर्यंत होता. यासाठी मी पुन्हा तेवढेच पैसे देईन.

पैसे असे: दोन हार ३,२००, अंबाड्याची जाळी १,२००, गजरे ४० रुपयांप्रमाणे ६,०००, ताज्या कळ्यांच्या मुंडावळ्या ५००, अंबाबाईला आणि विहीणबाईंना वेणी ६००, गणपतीचा हार ३००. एकूण ११,८००.

तक्रारी दोनच आहेत. एक म्हणजे सगळी ऑर्डर त्यांनी आमच्याच पत्रिकेच्या पाठीवर लिहिली, पावती नाही. आधीच्या आठवड्यात मला दोनदा जाऊन आठवण करावी लागली. दुसरी मुंडावळ्यांची. ताज्या कळ्यांच्या मुंडावळ्या उकाड्यात घामानं ओल्या होऊन कपाळावरून घसरायला लागल्या आणि मंगलाष्टकं चालू असताना नणंदेनं त्या पिनांनी बसवल्या. अंगाला लागणारं सगळं खरं हवं म्हणत होते, पण मुंडावळ्या मोत्यांच्याच घ्या.

आता घरचं काम. आदल्या दिवशी पहाटे फुलबाजारातून २२ किलो झेंडू आणला, ७० रुपये किलोनं, १,५४० रुपये. माझी मोजणी अशी: एका किलोत मध्यम आकाराची सव्वाशेच्या आसपास फुलं आली, आणि पाच फुटांच्या एका लडीला ४० फुलं लागली. म्हणजे किलोत तीन लडी. साठ लडी करायच्या होत्या, त्याला वीस किलो पुरला. उरलेल्या फुलांत उंबऱ्याची तोरणं झाली. फुलं घरी आली की पोत्यात ठेवू नका. पोत्यात हात घातला तर आत चक्क गरम लागतं. फुलं श्वास घेत असतात, दाटीवाटीत तापतात आणि मधून काळी पडतात. गच्चीच्या जिन्यात चादरी टाकून आम्ही ती पसरली आणि वर पाणी अजिबात मारलं नाही.

ओवताना सुई देठाच्या बाजूनं घालायची आणि फुलाच्या बरोबर मधून काढायची. आडवी घातली की फूल तिरकं बसतं आणि सकाळपर्यंत दोरा त्याला चिरून खाली पडतं. आमच्या दोन शेजारणींनी पहिल्या पाच लडी तशा केल्या, त्या उसवून परत ओवल्या. आणि दर दहा फुलांनंतर एक गाठ मारायची. शिवणीला आम्ही जसा टाका पक्का करतो तसं. मधे कुठं दोरा तुटला तर दहाच फुलं जातात, अख्खी लड गळत नाही. जाऊबाई, नणंद, शेजारच्या चौघी, मी आणि थोरली, अशा आठ जणी संध्याकाळी सातला बसलो आणि साडेअकराला उठलो. चुरमुऱ्याचा भडंग आणि चहा एवढंच मधे. कार्यालयाच्या दारातून आत येताना त्या लडी बघून विहीणबाई थांबल्या आणि लडीवरून हात फिरवला. कुणी केल्या म्हणून विचारलं, तेव्हा आम्ही आठही जणी पुढं झालो.

पण घरी करायचं तर झेंडूवरच थांबा. आम्ही थांबलो नाही. लेकीला जेवणाच्या टेबलांवर कार्नेशन हवे होते. माझा भाचा शिरोळ तालुक्यात एका हरितगृहावर कामाला आहे, त्याच्या ओळखीनं जरबेराच्या १५ गड्ड्या १,०५० रुपयांना मिळाल्या, आणि बाजारातून गुलाबी कार्नेशनच्या १० गड्ड्या २,००० ला घेतल्या. जरबेराचं त्यानं आधीच सांगून ठेवलं होतं, "मावशी, दोन-तीन इंचच पाणी ठेवा, दांडी पोकळ असती, जास्त पाण्यात सडती." तसं केलं. मागची खोली घरात सगळ्यात गार, म्हणून सगळ्या बादल्या तिथं ठेवल्या. त्याच खोलीत कोपऱ्यात पेंढ्यात आंब्यांची आढी घातलेली होती, लग्नघरच्या रसासाठी.

पहाटे साडेचारला दिवा लावला. जरबेरा जसाच्या तसा. कार्नेशनच्या मात्र सगळ्या पाकळ्या आत वळून मिटल्या होत्या, डोळा लागावा तशा. पाणी होतं, दांड्या हिरव्या होत्या, एकही फूल सुकलेलं नव्हतं. मला वाटलं खोलीत गार झालं म्हणून मिटली, उजाडल्यावर उघडतील. उघडली नाहीत. भाचा आला आणि बादल्यांकडं न बघता आधी आढीकडं बघितलं. पिकणारा आंबा इथिलीन वायू सोडतो. तोच वायू शेजारचं फळ पिकवतो आणि तोच कार्नेशनला एका रात्रीत म्हातारं करतो. जरबेराला त्याचा फारसा त्रास होत नाही, कार्नेशन अजिबात सोसत नाही. केळीचा घड ठेवला असता तरी हेच झालं असतं. मे महिन्यात आपल्याकडं कुठल्या लग्नघरात आंबे आणि केळी नसतात? म्हणून हे जरा लांबण लावून लिहिलं. फुलं एका खोलीत, फळं दुसऱ्या, आणि मधलं दार बंद. दोन हजार रुपये गेले. टेबलांवर जरबेरा आणि उरलेला झेंडू ठेवला, आणि लेकीनं एका शब्दानं बोलून दाखवलं नाही, याचंच मला जास्त वाईट वाटलं.

आणखी एक. त्या रात्री मी साडेबारापर्यंत बादल्या भरत होते. लग्नाच्या आदल्या रात्री धाकटीजवळ थोडा वेळ नुसतं बसायचं असं मी महिनाभर मनात धरलं होतं. ती मधल्या खोलीत मावसबहिणींबरोबर झोपून गेली आणि ते राहिलं. घरी फुलं करणार असाल तर नवरीच्या आईला त्या कामातून दहा वाजता उठवा. तिनं नको म्हटलं तरी उठवा.

कापडी छतासाठी तीन ठिकाणी फिरले. दर ठिकाणी पर्समधला पांढरा सुती रुमाल पाण्यात भिजवून लाल-गुलाबी फुलांवर घासून बघितला. दोन ठिकाणी रुमाल गुलाबी झाला. रंग असा सुटत असेल तर एखाद्याच्या घामेजल्या खांद्यावर किंवा शालूवर तो उतरणारच. तिसऱ्या ठिकाणी रुमाल पांढरा राहिला. त्यांच्या पांढऱ्या फुलांच्या लोंबत्या वेली होत्या. कापड मॅट होतं, मुठीत चुरगाळून सोडलं की परत उलगडत होतं. पानंही कापडाचीच होती. प्लास्टिकच्या पानांवर दिव्याचा उजेड चमकतो आणि फोटोत तेच आधी दिसतं. फक्त वेलींना गोदामाचा कोंदट वास होता आणि धूळ होती. मी स्वच्छ सांगितलं, झटकून, दोन दिवस उन्हात टाकून मगच आणा. त्यांनी आणल्या तशा. भाडं बांधणीसकट ९,००० रुपये. सकाळी दहा ते संध्याकाळी सहा, एकही वेल तसूभर हलली नाही. उकाडा असो, पंखे असोत, त्याला काही नाही. एवढं मोठं छत खऱ्या फुलांत केलं असतं तर दुपारच्या जेवणापर्यंत माना टाकल्या असत्या.

एक गोष्ट मात्र कुणीच आपणहून सांगत नाही, मलाच बोलावी लागली. होमाच्या वर कापडी फुलं नकोत. पॉलिएस्टर पेट घेतं तेव्हा ते वितळतं आणि जळते थेंब खाली पडतात. इस्त्री जास्त तापली की काय होतं ते मी माझ्या टेबलावर बघितलंय. आमचा लाजाहोम स्टेजवरच होता, म्हणून छत सहा फूट मागं घ्यायला लावलं. बांधणारी पोरं कुरकुरली, पण घेतलं.

हळदीचे दागिने मी स्वतः पिवळ्या सॅटिनचे आणि गोट्याचे केले, ३५० रुपयांत. ते जमले, त्यावर जास्त लिहीत नाही.

भाच्याला छत आवडलं नव्हतं. तो काही बोलला नाही, पण वर बघून गप्प झाला हे मी बघितलं. हरितगृहावर कर्ज असतं, फूल तोडल्यावर दोन दिवसांत विकावं लागतं, आणि सणासुदीला बाजारात प्लास्टिकच्या माळा आल्या की भाव पडतो, हे त्यानं पूर्वी मला सांगितलंय. प्लास्टिकच्या फुलांवर बंदी घाला अशी मागणी २०२५ च्या पावसाळी अधिवेशनात विधानसभेत झाली, तेव्हा त्याच्या मोबाइलवर ती बातमी मी वाचली होती. मी छत भाड्यानं घेतलं, विकत घेतलं नाही, आणि खऱ्या फुलांवर छतापेक्षा जास्त पैसे घातले. तरीही त्याचं गप्प होणं मला लागलं. पुढच्या लग्नाला कुणी मला विचारलं तर छत लहान करा आणि जरबेरा वाढवा असं मी सांगेन.

सगळं मिळून २६ हजारांच्या थोडं वर गेलं. त्यात दोरा, सुया, बादल्यांचे ६०० धरलेत आणि वाया गेलेले कार्नेशनही. थोरलीच्या वेळी ४५ हजार दिले होते. लग्नानंतर चार पोती झेंडू आणि जरबेरा भाच्यानं खताच्या खड्ड्यासाठी नेला. त्याआधी आम्हाला प्रत्येक लडीतला दोरा ओढून काढावा लागला, कारण मी नायलॉनचा घेतला होता. तुम्ही सुती घ्या, तसाच खड्ड्यात जातो.

परवा शेजारच्या वहिनी त्यांच्या लेकीचं मार्गशीर्षात ठरलं म्हणून पेढे घेऊन आल्या. त्यांना मोगऱ्याची जाळी हवी आहे, धाकटीसारखी. मी म्हटलं, मोगरा उन्हाळ्याचा, थंडीत मिळाला तरी थोडा मिळेल आणि महाग पडेल. त्यापेक्षा शेवंती तेव्हा भरपूर असते, तिची वेणी करा. फुलवाल्यांच्या सूनबाईला भेटायला शुक्रवारी दोघी देवळाकडं जाणार आहोत. यावेळी ऑर्डर लिहायला मी वही घेऊन जाणार आहे.